एवाल्ट पीपरचे कान

एवाल्ट पीपरने डोळे मिटले, हेडफोन दोन्ही हातांनी कानांवर दाबले आणि मग ऐकायची दिशा बदलणारं समोरचं चाक इतकं सावकाश फिरवायला घेतलं, की शेजारी उभ्या असलेल्या ल्यूडर्स मास्तरला वाटलं, पोराचा डोळाच लागला. खोपटाबाहेर श्लाईच्या खाडीवर धुकं बसलं होतं. धक्क्याखाली पाण्यात सोडलेल्या श्रवणयंत्रांच्या तारा फळ्यांमधून वर येत होत्या आणि खाडीत कुठेतरी शाळेच्या मोटारबोटी गोल गोल फिरत होत्या. कोण कुठे आहे, किती पंख्यांची बोट आहे, जवळ येते आहे की लांब जाते आहे, हे न बघता सांगायचं. एवढीच परीक्षा. पास झाला तो पाणबुडीवर जायचा.

"धक्क्याच्या टोकाकडे एक मोटारबोट," एवाल्ट म्हणाला. "दोन पंखे. लांब चाललीय." चाक आणखी थोडं फिरलं. "आणि मास्तर, तिच्या पलीकडे आणखी एक आहे. मच्छीमाराची असावी. एकच पंखा, आणि त्याचं एक पातं वाकलंय. दर फेरीला लंगडतं."

ल्यूडर्सने दुसरे हेडफोन आपल्या डाव्या कानाला लावले. उजव्याचा काही उपयोग नव्हता. आधी त्याला नुसती मोटारबोटच ऐकू आली. मग बऱ्याच वेळानं, तिच्या घरघरीच्या मागे, अगदी पुसट, ते लंगडणं. म्हातारा योहिमसेन! गेल्याच आठवड्यात त्याची बोट दगडावर घासली होती आणि लढाईच्या दिवसांत नवा पंखा कोण देणार म्हणून तो वाकड्या पंख्यानंच हेरिंग मासे पकडत हिंडत होता. होल्मबीच्या या शाळेत आल्यापासून ल्यूडर्सच्या हाताखालून पुष्कळ पोरं गेली, पण असे तिखट कान त्याने पाहिले नव्हते. त्याचे स्वतःचे दोन्ही कान धड होते तेव्हाही ते असे नव्हते.

"चूक," ल्यूडर्स म्हणाला.

"पण मास्तर, मला अगदी स्पष्ट..."

"तिथे कुठलीही मच्छीमार बोट नाही. जे नाही तेच ज्याला ऐकू येतं, तो बहिऱ्यापेक्षा वाईट. नापास. पुढचा कोण आहे?"

पोरगा उठला. गोरा, लांबट, मानेवर पुरळ आलेला, गिरणीवाल्याचा पोर. जातं फिरत असताना नुसत्या आवाजावरून आतली राय, गव्हासारखीच ती, ओली आहे की कोरडी हे सांगायचा म्हणे लहानपणी. त्याचा चेहरा कसा झाला, हे बघायला लागू नये म्हणून ल्यूडर्स खिडकीकडे वळला. धुक्याशिवाय खिडकीत काहीही नव्हतं, तरी तो बघत राहिला.

पुढचा होता आर्नो केसलर. हा छाती काढून आला, टाचा जुळवून उभा राहिला आणि मोटारबोट जिथे होती तिच्या बरोबर उलट दिशेला एक भलीमोठी विनाशिका आहे असं ठणठणीत आवाजात सांगून मोकळा झाला. ल्यूडर्सला हा माणूस पहिल्या दिवसापासून डोळ्यांसमोर नको होता. पहाटे उठून छातीवर मुठी आपटत गाणी म्हणणारा, दुसऱ्यांच्या चुगल्या करणारा.

"उत्तम," ल्यूडर्स म्हणाला. "पास."

आता हा मास्तर वेडा होता का? नव्हता. वेडा असता तर बरं झालं असतं, निदान मन खाल्लं नसतं त्याला.

मार्क्वार्ड ल्यूडर्स तीन वर्षं पाणबुडीवर ऐकणारा होता. बोट पाण्याखाली गेली की कॅप्टनचे डोळे संपतात. मग सगळ्या बोटीवर एकच माणूस असतो ज्याला बाहेरचं काही कळतं, आणि तो एका फडताळाएवढ्या कोनाड्यात हेडफोन लावून बसलेला असतो. वर विनाशिका आली, की सगळे पायांतले बूट काढून ठेवतात, कोणी खोकत नाही, आणि झाडून सगळे त्या एकाच्या तोंडाकडे बघत बसतात. विनाशिकेनं वेग वाढवला, ती आता चाल करून येते आहे, हे त्यानं ज्या क्षणी सांगायचं त्याच क्षणी बोट वळवायची. अलीकडे नाही, पलीकडे नाही. तेवढ्यावर पन्नास माणसांचं घरी जाणं अवलंबून. ल्यूडर्सने ते पुष्कळदा बरोबर सांगितलं होतं.

पण ऐकणाऱ्याला आणखीही ऐकावं लागतं. टॉर्पेडो लागला की बोटीवर सगळे एकमेकांच्या पाठीवर थापा मारतात. जहाज मात्र लगेच मरत नाही. त्याच्या भिंती एकामागून एक फुटत जातात, लोखंड कण्हतं, आणि ते सगळं त्या कोनाड्यातल्या माणसाच्या कानात ओतलं जातं. माणसांचं ओरडणं पाण्यातून ऐकू येत नाही, असं सगळे सांगतात. ल्यूडर्सने या गोष्टीवर कधीही वाद घातला नाही. शेवटच्या खेपेला तो एका मोठ्या मालजहाजाचं बुडणं ऐकत इतका गुंतला, की वरून बॉम्ब पडले तेव्हा हेडफोन काढायचं राहून गेलं. उजवा कान तिथेच गेला. लोक म्हणाले, बिचारा! त्याला मात्र वाटलं, स्वस्तात सुटलो.

मग मास्तर म्हणून किनाऱ्यावर नेमणूक झाली. आणि त्रेचाळीस साली मे महिन्यात बोटी परत यायच्या थांबल्या. आधी एखादी येत नसे, तेव्हा खाणावळीत तिचं नाव घेऊन लोक प्यायचे. आता नाव घ्यायचं म्हटलं तर अख्खी संध्याकाळ पुरली नसती. ल्यूडर्सच्या हातची पोरं त्या बोटींवर होती. उन्हाळ्यात त्याने पहिल्यांदा एका चांगल्या पोराला मुद्दाम नापास केलं. तेव्हा त्याने शेरा दोनदा खोडून पुन्हा लिहिला होता. दुसऱ्याच्या वेळी एकदाच लिहिला.

पण नौदलाला माणसं लागत, आणि तितकी द्यावीच लागत. म्हणून जे ल्यूडर्सला आवडत ते नापास होऊन नॉर्वेच्या टेहळणी चौक्यांवर किंवा स्वयंपाकघरात जात, आणि जे त्याच्या डोक्यात जात ते पास होऊन समुद्रावर. मी पोरांना वाचवतोय, असं तो रात्री स्वतःला सांगायचा. अर्धी गोष्ट खरीच होती. उरलेली अर्धी अशी, की कच्च्या कानाचा माणूस एकटा मरत नाही, पन्नास जणांना घेऊन मरतो. हे त्याला ठाऊक नव्हतं म्हणावं, तर शाळेत पहिल्याच दिवशी फळ्यापुढे उभा राहून हे पोरांना शिकवणारा तोच होता! ऑगस्टमध्ये त्याच्या अशा दोन 'पास' माणसांच्या बोटी परतल्या नाहीत. विमानांनी बुडवल्या असतील, त्यात कानांचा काय संबंध, असं म्हणून त्याने तो विषय मनातल्या मनात दडपून टाकला होता.

ल्यूडर्सने लग्न केलं नव्हतं. गावातच, शाळेच्या पाठीमागे, त्याच्या थोरल्या बहिणीचं, विब्केचं घर होतं, तिथे माडीवर तो राहायचा. विब्केचा नवरा न्यूमोनियानं गेला तेव्हापासून घरात ती, तिचा एकुलता एक हार्रो आणि हा मामा. हार्रोला मामानेच पोहायला शिकवलं, शिडाची बोट हाकायला शिकवलं, पहिली बिअरही त्यानेच पाजली आणि विब्केच्या शिव्या खाल्ल्या. पोरगा डिझेल इंजिनाचा कारागीर झाला होता, आणि त्याला किएल बंदरातल्या दुरुस्तीखात्यात ठेवतील अशी घरात सगळ्यांनी समजूत करून घेतली होती.

आर्नो केसलर शाळेतून गेल्याला पंधरवडा झाला असेल. रविवारी दुपारी विब्के जवाची कॉफी ओतत होती, तेवढ्यात दार धाडकन उघडलं.

"मॉइन! मामा, ओळखा बघू कोण आलंय!"

हार्रोच्या अंगावर नवीकोरी राखाडी कातड्याची विजार आणि जाकीट होतं. इंजिनखोलीतल्या लोकांना देतात ते. विब्केनं किटली खाली ठेवली.

"हे कुठून आणलंस?"

"मिळालं! आई, बोट मिळाली मला. अगदी नवी. शुक्रवारनंतर निघतोय."

"दुरुस्तीखातं..."

"दुरुस्तीखात्यात म्हातारे बसतात. ए, तू रडायला लागलीस तर मी केक खाणार नाही हां."

"केक कुठाय मेल्या, बटाट्याचा लगदा आहे तो," विब्के म्हणाली आणि रडायलाच लागली.

हार्रोनं तिच्या खांद्याभोवती हात टाकला. "घाबरतेस कशाला? आमच्या बोटीचे कान कोणाच्या हातचे आहेत, ठाऊक आहे? मामाच्या! आर्नो केसलर. मामाचा चेला. परवाच आलाय. काय गातो हो मामा तो! तो गायला लागला की डिझेल ऐकू येत नाही."

ल्यूडर्सच्या हातातली कॉफी बशीत सांडली. त्याने ती बशीतूनच पिऊन टाकली, कारण काहीतरी करणं भाग होतं.

"केसलर," तो म्हणाला.

"तोच. म्हणाला, मास्तरांनी मला एका फटक्यात पास केलं. खरं का?"

विब्केनं डोळे पुसले. तिला जरा धीर आलेला दिसला. "मार्क्वार्डनं पास केलाय म्हणजे चांगलाच असणार. हा काही कोणालाही पास करत नाही. गिरणीवाल्या पीपरच्या पोराला नाही का सरळ भांडी घासायला धाडलं? त्याची आई तोंड लपवून हिंडते म्हणे अजून." मग तिनं भावाचा हात धरला. तिचा हात किटलीमुळे गरम होता. "मला त्यातलं काही कळत नाही रे. एवढंच सांग. बोटीवर आहे तो माणूस तुझ्या पसंतीचा आहे ना?"

ल्यूडर्सने हार्रोकडे बघितलं. हार्रो लगदा खात होता.

"आहे," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो शाळेच्या प्रमुखासमोर, कॅप्टन श्टामसमोर उभा होता. श्टाम हा जुना माणूस, मागच्या, कैसरच्या लढाईत पाणबुडीवर होता. त्या वेळी जहाज थांबवून आधी खलाशांना होड्यांत उतरू द्यायचे आणि मग बुडवायचे, निदान सुरुवातीला तरी, असं तो दारू प्यायला की सांगायचा. आता सकाळ होती.

"मला समुद्रावर पाठवा," ल्यूडर्स म्हणाला. "किएलच्या नव्या बोटीवर. केसलरच्या जागी."

"कान बरा झाला वाटतं तुझा?"

"झालाय."

श्टाम उठला, खिशातलं घड्याळ काढून ल्यूडर्सच्या उजव्या कानापाशी धरलं. "ऐकू येतंय?"

"येतंय."

"बंद आहे ते, मार्क्वार्ड. किल्ली द्यायची राहिलीय." श्टामने घड्याळ परत खिशात टाकलं. "केसलरचं काय आहे?"

"त्याच्याबद्दल मला खात्री वाटत नाही."

"पास केलास तेव्हा वाटत होती?"

श्टामने दार नीट लागलंय ना ते बघितलं आणि खुर्चीत बसला.

"मी म्हातारा आहे, मूर्ख नाही. तुझ्याकडून कोण जातात आणि कोण राहतात, ते मलाही दिसतं. मी विचारणार नाही. विचारलं तर तू उत्तर देशील, आणि उत्तर दिलंस की मला ते वर कळवावं लागेल. मग तुला भिंतीपाशी उभं करून गोळ्या घालतील. तो भाचा आहे ना तुझा त्या बोटीवर?"

"हो."

"मग असं कर. केसलरपेक्षा चांगला कान असेल तर शुक्रवारच्या आत दे. मी बदली करतो. आहे का कोणी?"

नाही म्हणता आलं असतं. पुढे कित्येकदा ल्यूडर्सला हेच आठवत राहिलं, की श्टामने विचारलं होतं, दरडावलं नव्हतं. नाही म्हटलं असतं तर म्हाताऱ्याने मान हलवली असती आणि विषय संपला असता.

"आहे," ल्यूडर्स म्हणाला, विचार करायच्या आधीच.

बाहेर पटांगणात तो बराच वेळ उभा राहिला. नापास केलेले बाकीचे लांब पांगले होते. जवळ होता तो एकच, समोरच्या स्वयंपाकघरात, ज्याच्या धुराड्यातून धूर येत होता. ल्यूडर्सला एकदम स्वतःची किळस आली. ऑगस्टमध्ये दोन बोटी गेल्या, त्यांवरही कोणाचे तरी भाचे होते. तेव्हा तो कुठे आला होता कॅप्टनच्या दारात? तेव्हा त्याला रात्री झोपही लागली होती.

स्वयंपाकघरात वाफेनं काही दिसत नव्हतं. एवाल्ट कोपऱ्यात सलगम सोलत बसला होता.

"ए बहिऱ्या!" आचारी ओरडला. "मास्तर आलेत तुझे!"

एवाल्टनं मान वर केली आणि हात कानामागे धरला. "काय म्हणालात?"

थट्टा नव्हती ती. ल्यूडर्सने नीट बघितलं. पोरानं खरोखर हात कानामागे धरला होता, गावातले म्हातारे धरतात तसा. बहिरा आहेस असं मास्तरांनी सांगितलं, म्हणजे असणारच, म्हणून तो आता सगळ्यांना दोनदोनदा विचारून घेत होता. आचाऱ्यानं हसत सांगितलं, "दूध उतू जाण्याआधी याला कळतं मास्तर, आम्हाला दिसायच्या आधी. पण म्हणतो, मला नुसते भास होतात."

"चल माझ्याबरोबर," ल्यूडर्स म्हणाला. "पुन्हा परीक्षा घ्यायचीय."

वाटेत पोरगा एप्रनला हात पुसत मागून येत होता. "बाबा मला जात्यापाशी येऊ देत नाहीत आता," तो आपणहून म्हणाला. "म्हणतात, दळण बिघडवशील. बरोबरच आहे म्हणा."

खोपटात ल्यूडर्सने त्याला बसवलं. दिवस स्वच्छ होता, पण खिडकीला झडप लावली होती.

"हे बघ, चुकलास तरी काही बिघडत नाही. स्वयंपाकघरातलं काम काही वाईट नाही. ऊब असते. पोटभर खायला मिळतं."

"नापास केलंत तरी चालेल मास्तर. एकदा ऐकू द्या फक्त."

पोरानं हेडफोन लावले. चाक फिरायला लागलं, तसंच, सावकाश. ल्यूडर्स त्याच्या तोंडाकडे बघत होता, बोटीवर पन्नास माणसं बघायची तसा. चूक रे, तो मनात म्हणत होता, चूक काहीतरी. आणि त्याच वेळी मनाच्या दुसऱ्या कोपऱ्यातून विब्केचा गरम हात त्याला म्हणत होता, चुकू देऊ नकोस.

एवाल्ट थांबला. त्याच्या कपाळावर घाम आला होता.

"पलीकडच्या तीराला एक बोट आहे. एक पंखा. पातं वाकलंय. दर फेरीला..." तो अडखळला, आणि एकदम त्यानं हेडफोन कानांवरून खाली ओढले. "नाही. हे मला त्या दिवशीही ऐकू आलं होतं, आणि ते नव्हतंच. आजही नसणार. काही नाही मास्तर. मला काही ऐकू येत नाही असंच समजा. माझे कान खरंच गेलेत."

बाहेर खाडीच्या पलीकडच्या तीराला म्हातारा योहिमसेन आपल्या लंगड्या पंख्यानं चालला होता.

पोरानं आपणहून दार उघडं करून दिलं होतं. नुसतं 'बरं, जा' म्हणायचं. हा सलगम सोलायला जाईल, लढाई कधीतरी संपेल, हा गिरणीत परत जाईल, आणि कधीतरी त्याला कळेल की आपले कान शाबूत होते. आणि हार्रो? हार्रो खोल पाण्यात बूट काढून केसलरच्या तोंडाकडे बघत बसेल. ल्यूडर्सने स्वतःला न्यायाधीशासारखं दोन्ही बाजू तोलताना पकडलं, आणि तेव्हाच त्याला कळलं की तोलण्यासारखं काहीच नाही, निकाल कालच कॉफीच्या टेबलापाशी लागलेला आहे. एक आपलं आहे आणि एक दुसऱ्याचं. इतकं साधं, इतकं हलकट.

"बरोबर आहे," तो म्हणाला.

"काय?" पोराचा हात पुन्हा कानामागे गेला.

"बरोबर ऐकलंस. मच्छीमार बोट आहे. पातं वाकलेलं आहे. पास."

एवाल्ट त्याच्याकडे बघत राहिला. "मग त्या दिवशी..."

"त्या दिवशी यंत्र बिघडलं होतं. नंतर लक्षात आलं."

आणि पोरगा रडायला लागला. हमसून हमसून, दोन्ही हात कानांवर ठेवून. "म्हणजे चांगले आहेत," तो म्हणत होता. "म्हणजे चांगलेच होते! आईला सांगू? मास्तर, आजच जाऊन सांगू?" त्यानं ल्यूडर्सचा हात दोन्ही हातांत घेतला. हाताला सलगमाचा वास येत होता. ल्यूडर्सने तो सोडवून घेतला नाही. मी याचे कान दोनदा चोरले, त्याच्या मनात आलं, आणि दुसऱ्या खेपेला हा माझे आभार मानतोय.

शुक्रवारी बदली झाली. आर्नो केसलर शिव्या देत परत आला आणि आचाऱ्याच्या हाताखाली लागला. आपल्याविरुद्ध कारस्थान झालं असं तो सगळ्यांना सांगत सुटला. त्याला काय कल्पना, की सलगमाची ती पाटी म्हणजे काय आहे! आता तो रोज पहाटे स्वयंपाकघरात गात असे आणि ल्यूडर्सला माडीवरच्या अंथरुणात ते ऐकू येत असे. ज्याचं तोंड बघवत नव्हतं तोच तेवढा वाचला होता. बोट त्याच आठवड्यात किएलहून निघाली.

पुढच्या रविवारी दुपारी दारावर टकटक झाली. विब्केनं उघडलं. दारात ठेंगणी, लालबुंद गालांची एक बाई उभी होती, डोक्याला रुमाल, हातात फडक्यात बांधलेलं मोठं ताट.

"मी पीपरची," ती म्हणाली. "एवाल्टची आई. मास्तर आहेत का?"

ल्यूडर्स जिन्यावर होता. मागे वळून वर जाता आलं असतं, पण विब्केनं आधीच हाक मारली, "मार्क्वार्ड, ये की खाली, बघ कोण आलंय!"

पीपरबाईनं फडकं सोडलं. आत आलुबुखाऱ्याचा केक होता, खराखुरा, वर लोण्याचा चुरा घातलेला. विब्केनं तोंडावर हात ठेवला. एवढं लोणी साठवायला या दिवसांत किती महिने लागतात, ते तिला बरोबर ठाऊक होतं.

"एका दिवसाची रजा मिळाली होती त्याला निघायच्या आधी," पीपरबाई सांगू लागली. ती खुर्चीच्या अगदी कडेवर बसली होती. "धावत आला घरी. त्याचे बाबा फारसे बोलत नाहीत, पण जातं चालू केलं आणि त्याला बोलावून म्हणाले, सांग, ओली का कोरडी. सांगितलं त्यानं! मग दोघंही आत गेले आणि बराच वेळ बाहेर आले नाहीत. मास्तर, तीन आठवडे मी चर्चमध्ये शेवटच्या बाकावर बसत होते. बायका विचारायच्या, काय गं, पोराला ऐकू येत नाही म्हणे? चूक झाली हे कबूल करणारी माणसं कुठे असतात आजकाल? तुम्ही पुन्हा बोलावून घेतलंत त्याला."

"यंत्र बिघडलं होतं," ल्यूडर्स म्हणाला.

"सांगितलं त्यानं. आणि दुसरंही सांगितलं." ती विब्केकडे वळली. "तुमचा मुलगा त्याच बोटीवर आहे ना?"

"आहे," विब्के म्हणाली, आणि तिनं बाईच्या हातावर हात ठेवला. "माझा हार्रो तुमच्या एवाल्टच्या भरवशावर आहे हो."

"तेच तर म्हणते मी! एवढी माणसं सोडून मास्तरांनी सख्ख्या भाच्याच्या बोटीसाठी माझा निवडला. माझ्या पोराला याहून मोठं प्रशस्तिपत्र कुठलं? पदक दिलं असतं तरी मला एवढं वाटलं नसतं."

दोघी एकमेकींकडे बघून रडवेल्या हसल्या. विब्केनं सुरी आणली, केक कापला आणि सगळ्यात मोठा तुकडा भावापुढे ठेवला. "खा रे. बाईंनी इतक्या लांबून आणलाय."

त्याने एक घास घेतला. केक उत्तम झाला होता.

"आणखी एक मागायचं होतं," पीपरबाई म्हणाली आणि रुमालाचं टोक बोटाला गुंडाळायला लागली. "धाकटा आहे माझा. टीलो. सतरा पूर्ण झालीत. थोरल्याचं बघून परवा जाऊन नाव घालून आला. त्याचेही कान तसेच आहेत, कदाचित जास्तच तिखट. त्याचे बाबा म्हणतात, जायचंच आहे तर मास्तरांच्या हाताखाली जाऊ दे. तुम्ही घ्याल ना त्याला?"

ल्यूडर्सने काटा खाली ठेवला.

"त्याला गिरणीतच ठेवा," तो म्हणाला. आवाज त्याला वाटला होता त्याहून मोठा निघाला. "ऐकलंत? पाठवू नका. काहीही सांगा. आजारी आहे म्हणून सांगा."

विब्के चमकून बघायला लागली. पीपरबाईच्या गालांचा लाल रंग हळूहळू उतरला. तिनं मान खाली घातली, आणि तिचा सगळा चेहरा पुन्हा चर्चमधल्या शेवटच्या बाकावर जाऊन बसला.

"त्याचे कान चांगले नसतील असं वाटतं का तुम्हाला?" तिनं हळूच विचारलं.

तिला उत्तर हवं होतं. ती थांबली होती. ल्यूडर्सला वाटलं आता सांगावं, सगळं, पहिल्यापासून. पण सांगायचं म्हणजे समोर बसलेल्या दोन आयांपैकी एकीला सांगायचं की दुसरीच्या मुलासाठी तुझा पाठवला, आणि दोघीही त्याच टेबलापाशी एकमेकींचे हात धरून बसल्या होत्या.

"नाही," तो म्हणाला. "चांगलेच असतील."

"मग घ्याल?"

"घेईन."

पीपरबाईनं सुटकेचा श्वास सोडला आणि ताट त्याच्याकडे सरकवलं. विब्केनं त्याच्या बशीत आणखी एक तुकडा वाढला. दोघी आता मुलांना थंडीत लोकरीचे मोजे कसे पोचवायचे याबद्दल बोलत होत्या. ल्यूडर्स मान खाली घालून खात राहिला, कारण ताटात पुष्कळ उरला होता आणि बाई त्याच्याकडे बघत होती.